डॉक्टरीणबाईंचं बोट

आमच्या बाई माणसाचं तोंड नंतर बघायच्या, आधी नखं. समोर मामलेदाराची बायको असो नाहीतर शेण्या थापणारी म्हातारी, खुर्चीवर टेकली रे टेकली की बाई म्हणणार, "हात पुढे करा. उपडे." मग तिचं एकेक बोट चिमटीत धरून खिडकीच्या उजेडाला लावणार, नखाचं टोक हलकेच दाबणार, सोडणार, पुन्हा दाबणार. बाहेर ओट्यावर बायकांची ही गर्दी, पोरांची रडारड, वरचा पत्रा उन्हानं कडकडतोय, आणि ह्यांचं आपलं नख बघणं चाललंय! मी मागे उभी राहून धुसफुसत असायची. बाईंना ते ऐकू यायचं, पण त्या काही वळून बघायच्या नाहीत.

धुळ्याला पांझरेच्या काठी बायकांचा एक दवाखाना होता, तिथली ही गोष्ट. बाई तिथे डॉक्टर होत्या आणि मी नर्स. त्यांचं नाव अंबिका, पण ते दारावरच्या पाटीपुरतं. गाव त्यांना डॉक्टरीणबाई म्हणायचं, मी नुसतं बाई. लहानपणीच नवरा गेलेला, वडिलांनी हट्टानं डॉक्टर केलेलं, एवढं सगळ्यांना माहीत होतं. त्यापलीकडचं त्यांनी कधी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. मोकळं कपाळ, मोकळे हात, पांढरं पातळ आणि कमरेला दोरीनं बांधलेली एक छोटी कात्री. वाढलेली, मळ भरलेली नखं दिसली की बोलता बोलताच त्या कापून टाकायच्या. परवानगी वगैरे भानगड नाही.

मी मूळची जळगावची. नर्सिंगचं शिकून नोकरीसाठी त्यांच्यापुढे उभी राहिले, तेव्हा त्यांनी माझे कागद बाजूला सारले आणि हात मागितले.

"नखं खातेस?"

"नाही."

"मग काय उंदीर येऊन खातात?"

माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "चिडकी आहेस."

"मुळीच नाही!" मी एवढ्या जोरात म्हटलं, की ओट्यावरच्या बायका आत डोकावल्या.

बाई हसल्या. "असू दे. मला इथे गरीब गाय नकोच आहे. पण बाळंतिणीजवळ ही कुरतडलेली बोटं चालायची नाहीत. नखं वाढली की ये."

म्हणजे बघा, नोकरीसाठी नखं वाढवायची! घरी जाऊन मी त्यांना मनसोक्त लाखोली वाहिली. पण बोटांना कडू किराइताचा काढा लावून बसले आणि नखं वाढवून परत गेले. तेव्हापासून त्यांच्याजवळ जी राहिले, ती त्या धुळं सोडून जाईपर्यंत.

खेड्यापाड्यांतल्या बायकांना सुरुवातीला वाटायचं, ही बाई हात बघून भविष्य सांगते. त्या मोठ्या आशेनं तळवा पुढे करायच्या. कोणाला मुलगा हवा असायचा, कोणाला सवत टळायला हवी असायची. बाई तो हात पटकन उलटा करायच्या. "पुढचं मला कळत नाही गं. नख मागचं सांगतं. गेल्या पाच-सहा महिन्यांत तुझ्या अंगानं काय सोसलं, ते मुळापासून टोकापर्यंत इथे आहे. तोंड पाहुण्यांसमोर हसतं, नखाला हसता येत नाही."

आणि मग त्या आपल्या सातारी हेलात अहिराणी झाडायच्या. "नख दखाड, माय. तू काय खास?" म्हणजे नख दाखव, काय खातेस तू. बायका पदर तोंडात कोंबून हसायच्या. त्यांची अहिराणी ऐकायला म्हणून काही बायका दुखणं नसताना येत होत्या, असा माझा पक्का संशय आहे.

त्यांच्याबरोबर राहून मलाही थोडंफार दिसायला लागलं. नखाच्या मधे खळगा पडून कडा वर आल्या असतील, तर अंगात रक्त कमी. बोटाचं टोक फुगून नख पोपटाच्या चोचीसारखं खाली वळलं असेल, तर छाती नीट ऐकायची. म्हातारपणी नखावर उभ्या रेघा येतात, त्यांचं काही नाही. आमच्याकडे बगळ्यांची रांग दिसली की पोरं नखं घासून त्यांच्याकडे फुलं मागतात आणि नखावर पांढरा ठिपका उठला की नवे कपडे मिळणार म्हणून नाचतात. एका आईनं तसे ठिपके भीत भीत दाखवले, तर बाई म्हणाल्या, "काही नाही झालेलं. पोरीला परकर शिवा."

पायाची नखं मात्र त्या जपून बघायच्या. आमच्या बायका ढेकळांतून अनवाणी चालणाऱ्या, अंगठ्याचं नख ठेचा खाऊन खाऊन जाड नाहीतर वाकडं झालेलं. "ह्यात रोग नाही, हा बांधावरचा दगड आहे," असं म्हणून पाय सोडून द्यायच्या. हाताच्या नखावरूनही त्या एकदम औषध देत नसत. शंका आली की बोटाला टोचून रक्ताचा थेंब टिपकागदावर घ्यायच्या आणि रंगाच्या पट्टीशी ताडून बघायच्या. "नखानं फक्त हाक मारली, सुभद्रे. घरात काय झालंय ते आत जाऊन बघायचं असतं."

एकदा भुसावळचा, रेल्वेच्या इंजिनावरचा एक फायरमन माहेरी आलेल्या बायकोला दाखवायला घेऊन आला. पुरुषानं दाराबाहेर थांबायचं हा आमचा नियम, पण हा गडी बोलता बोलता आत येऊन टेबलावर हात टेकून उभा. मी त्याला हाकलणार, तेवढ्यात बाईंनी त्याचंच मनगट धरलं.

"दोनेक महिन्यांपूर्वी मोठं दुखणं काढलंत ना?"

"मी? छे हो! मला कधी शिंकसुद्धा येत नाही."

"सगळ्या नखांवर एकाच उंचीवर आडवी खाच आहे. बोट दारात चेमटलं तर एकाच नखाला येते. ताप होता का? बरेच दिवस?"

गड्याचा चेहरा पडला. बायकोनं कमरेवर हात ठेवले. "तू तर डबल ड्युटी शे म्हने!"

झालं! विषमज्वरानं तो भुसावळला रेल्वेच्या चाळीत पडून होता, शेजाऱ्यांनी पेज पाजून जगवला, आणि बायको पोटुशी म्हणून पठ्ठ्यानं तिला कळूच दिलं नव्हतं. ती त्याला तिथेच बडबडायला लागली आणि बडबडता बडबडता रडायला लागली. "भांडण ओट्यावर," बाईंनी दोघांना बाहेर काढलं. मग मला म्हणाल्या, "लबाड आहे, पण माणूस चांगला आहे."

ह्याचा अर्थ बाई चुकायच्याच नाहीत असा नाही. एकदा चुकल्या. आणि पुढचं सगळं त्या चुकीतूनच निघालं.

दवाखान्याच्या मागच्या गल्लीत धुर्पदाबाई राहायच्या. कापसाची शेती असलेलं घर, माणूस ताठ, जीभ माझ्याहून तिखट. त्यांची थोरली लेक कौतिक शिंदखेड्याकडच्या एका गावात दिलेली. ती आखाजीला माहेरी आली होती, बाळंतपणही इथेच होणार होतं. आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया, आमच्या खानदेशात सासुरवाशिणींचा हक्काचा सण. झाडाझाडाला झोके, गळे काढून गाणी, आणि दोन्ही हातांना मेंदी. तीही नुसती तळव्याला नाही. प्रत्येक बोटाच्या टोकाला वाटलेल्या मेंदीची टोपी घालायची आणि नखं काळपट लाल होईपर्यंत ठेवायची. रंग जितका गडद, तितकं माहेर मायेचं.

अशी रंगलेली कौतिक दवाखान्यात आली. सणाला आलेल्या सगळ्याच माहेरवाशिणी त्या दिवशी दाखवायला आलेल्या, पाय ठेवायला जागा नाही. बाईंनी तिचं नख दाबलं, पण मेंदीखाली रंग दिसणार कसा? पापणी उलटून पाहिली, तर उन्हाळ्यानं डोळे आलेले, आतून लालभडक. जीभ काढ म्हटलं, तर पान खाऊन आलेली! कौतिक स्वतःच खुदकन हसली. बाईंनाही हसू आलं. "सण झाला की ये, रक्त बघू," असं म्हणून त्यांनी तिला सोडलं. ती झोक्यावर गेली. सण झाला, पण ती काही आली नाही. आम्हीही गर्दीत तिला विसरलो.

मग एका सकाळी धुर्पदाबाई हाका मारत आल्या. आम्ही पोचलो तेव्हा कौतिकच्या कळा जोरात होत्या. तिनं बाईंचा हात घट्ट धरला, आणि माझी नजर तिच्या बोटांवर गेली. मधल्या दिवसांत नखं वाढली होती, मेंदी वर सरकली होती. तिच्याखाली जे नवं नख आलं होतं, ते चुन्यासारखं पांढरं होतं आणि मधे खोल गेलेलं. बाईंनीही ते पाहिलं. त्यांचा चेहरा मी कधी विसरणार नाही.

मूल मेलेलंच आलं. त्यानंतर कौतिकही गेली. रक्त फार गेलं नव्हतं हो. धडधाकट बाईनं सोसलं असतं, तेवढंच गेलं. पण त्या पोरीच्या अंगात जायला होतं तरी किती?

बाई धुर्पदाबाईंसमोर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "माझी चूक झाली. रंग दिसत नव्हता, पण खळगा दिसत होता. मेंदीनं खळगा झाकत नाही. मी गर्दीच्या नादात तो पाहिला नाही." डॉक्टरनं असं तोंडावर कबूल केलेलं मी त्याआधी ऐकलं नव्हतं आणि नंतरही नाही. धुर्पदाबाई एवढंच बोलल्या, "मनी पोर तुना हातमा गयी." आणि त्यांनी दार लावून घेतलं.

पुढच्या आखाजीच्या आधी बाईंनी फतवा काढला, गरोदर बाईनं मेंदी लावायची नाही. मी त्यांना सांगत होते, बाई, हे जमायचं नाही. ऐकतील तर शपथ! दवाखान्यात येणाऱ्या प्रत्येकीला बजावलं. आणि गावात भडका उडाला. सवाशीण बाई, पोटात लेकरू, सणाचा दिवस आणि हात मोकळे? नदीवर धुणं धुताना एक जण मला ऐकू जाईल असं म्हणाली, "सवाशीणले मोकळा हात ठेवाले सांगस, सोताना शेतस म्हनीसन!" स्वतःचे हात मोकळे म्हणून ही दुसऱ्यांचे मोकळे करायला निघाली, असं. माझं डोकंच सणकलं. तिचं धुणं मी पाण्यात लोटून दिलं आणि वर चार शिव्या हासडल्या. दवाखान्यात येऊन बाईंना सांगितलं, तर त्या म्हणाल्या, "तिचं धुणं सापडलं का?"

"बाई, ती तुम्हाला काय बोलली ते ऐकलंत ना?"

"ऐकलं. हात मोकळे आहेतच माझे, त्यात खोटं काय?" असं म्हणून त्या बाटल्या पुसायला लागल्या. बाटल्या मी सकाळीच पुसल्या होत्या.

ओटा ओस पडला. गरोदर बायका यायच्याच थांबल्या, म्हणजे मेंदी राहिली आणि तपासणी गेली. बाई हट्टी होत्या, पण आपण चुकीच्या वाटेला लागलोय हे कळलं की मागे फिरायची त्यांना लाज नव्हती. त्याच्याही पुढची आखाजी यायच्या बऱ्याच आधी फतवा त्यांनी मागे घेतला, पण विचार काही सोडला नाही.

त्या उन्हाळ्यात कळलं, की धुर्पदाबाईंची धाकटी लेक वेणू पोटुशी आहे आणि आखाजीसाठी माहेरी आली आहे. सोयरीक त्याच बाजूची, शिंदखेड्याजवळचीच. आडावरून घागर आणताना ती मधेच भिंतीला टेकून धापा टाकत होती, ते बाईंनी खिडकीतून पाहिलं.  संध्याकाळी दवाखाना बंद झाल्यावर चपला घातल्या आणि धुर्पदाबाईंच्या ओट्यावर जाऊन बसल्या.

धुर्पदाबाई आतून बघत होत्या. केरसुणी घेऊन बाहेर आल्या आणि ओटा असा झाडला, की सगळी धूळ बाईंच्या पांढऱ्या पातळावर. बाई उठल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी पुन्हा जाऊन बसल्या. तिसऱ्या दिवशीही. रोज संध्याकाळी हा तमाशा! गल्लीतली माणसं मुद्दाम तिकडून जायची. मला लाजेनं मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

"बाई, किती दिवस हा अपमान करून घेणार?"

"वेणूचं नख दिसेपर्यंत. आपला मान मोठा की तिचा जीव, सांग."

मी कपाळावर हात मारून घेतला.

सणाच्या आदल्या दिवशी पाट्यावर मेंदी वाटल्याचा वास ओट्यापर्यंत येत होता. बाई दारातून आत बघत म्हणाल्या, "धुर्पदाबाई, मेंदी लावा. खुशाल लावा, पोरीची हौस करा. मला फक्त तिचं नख बघायचंय. एकीचं राहून गेलं, हिचं राहू देऊ नका."  आतला पाट्याचा आवाज थांबला. बाई थोडा वेळ बसल्या आणि परत आल्या. त्या दिवशी पहिल्यांदा मला त्या थकलेल्या दिसल्या.

आखाजीच्या सकाळी आम्ही दवाखाना उघडतोय, तर पायरीवर धुर्पदाबाई. मागे वेणू, खाली मान घालून. धुर्पदाबाईंनी लेकीचा डावा हात धरला आणि बाईंच्या पुढे केला. हात सुरेख रंगला होता. सगळी नखं लाल, पण करंगळीशेजारचं एक बोट स्वच्छ कोरं ठेवलेलं.

"हाई बोट तुनं," धुर्पदाबाई म्हणाल्या. "बाकीना बठ्ठा मना."

बाईंनी ते बोट दोन्ही हातांत धरलं. मग काचेच्या नळीतून पाण्याचा एक थेंब त्या नखावर सोडला. पांढरट नख, मधे खळगा. थेंब तिथेच बसून राहिला. बाईंनी बोट जरा कलतं केलं, तरी हलला नाही.

"हाऊ थेंब पडत काब्र नही?" धुर्पदाबाईंनी खाली वाकून विचारलं.

"खळगा आहे म्हणून. अंगात रक्त नाही. कौतिकसारखंच आहे, धुर्पदाबाई, खोटं कशाला सांगू? पण ह्या वेळी दिवस आहेत आपल्या हातात. हा थेंब ओघळेल, तोवर मी हिला सोडत नाही."

तेव्हापासून बाईंना दुसरं काही सुचेना. टिपकागदावर रक्ताचा डाग पाण्यासारखा फिका आला. जंतांचं औषध झालं, लोहाचं कडू मिश्रण सुरू झालं. त्यानं दात काळे पडतात म्हणून वेणूला ते पपईच्या देठाच्या नळीनं ओढायला शिकवलं. पण सण संपला की वेणू सासरी जाणार, तिथे काय? बाई म्हणाल्या, "तिथे आपण जायचं." आणि शिंदखेड्यापासून बैलांच्या दमणीत बसून, धूळ खात, आम्ही खरोखरच गेलो. एकदा नाही, दर महिन्याला.

वेणूची सासू वाईट बाई नव्हती, पण तिच्या घरची पद्धत ठरलेली. सून सगळ्यांच्या मागून जेवणार, तळाशी उरेल ते. नखं दाखवली, तर ती म्हणाली, "ही कामनी नखे शेतस, बाई. शेण, राख, पानी. कामना हात असाच ऱ्हातस."

"तुमचा हात बघू," बाई म्हणाल्या. सासूचा हात वेणूच्या दुप्पट झिजलेला, भेगाळलेला. बाईंनी त्यावर थेंब सोडला. घरंगळून खाली पडला. "तुम्ही हिच्याहून जास्त शेण काढलंय, जास्त राख घासलीय. मग तुमच्या नखावर का थांबत नाही?"

सासूनं हात मागे घेतला. त्यावर बाईंनी जे केलं, त्यानं मीसुद्धा चाट पडले. त्या चुलीसमोर जाऊन फतकल मारून बसल्या. "मला भूक लागलीय, वाढा. पण मी एकटी जेवत नाही. वेणू शेजारी बसेल. जेवढं मला, तेवढंच तिला."

त्या काळी ब्राह्मणाच्या विधवेनं कुणब्याच्या चुलीपुढे बसून भाकरी मागायची, म्हणजे काय, विचार करा! धुळ्यात परतल्यावर त्यांच्या जातवाल्यांनी पाणी बंद करायच्या गोष्टी केल्या. पण दारी आलेल्या पाहुणीला त्या घरात नाही कोण म्हणणार? ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी, तांदुळज्याची भाजी, वर गुळाचा खडा. वेणू आधी घास उचलेना. बाईंनी हात थांबवला, तेव्हा तिनं तोंडात घातला. दर महिन्याला आम्ही बरोबर जेवणाच्या वेळेला पोचायचो. पावसाळा संपता संपता एकदा गेलो, तर सासूनं आधीच दोन पानं मांडली होती आणि मलाच ओरडली, "तू बी बस ना वं, उभी काब्र?"

वेणूच्या नखाच्या मुळाशी नवं नख दिसायला लागलं होतं, गुलाबी आणि सपाट. दर भेटीत ते थोडं पुढे आलेलं असायचं. बाई ते माझ्या नाकापुढे धरायच्या आणि लहान पोरीसारख्या हसायच्या.

थंडी पडली तेव्हा वेणू बाळंतपणाला धुळ्याला आली. कळा सुरू व्हायच्या आधी धुर्पदाबाईंनी तांब्यात बोट बुडवलं आणि लेकीच्या नखावर स्वतः थेंब सोडला. तो क्षणभर थरथरला आणि ओघळून अंथरुणावर पडला. धुर्पदाबाईंनी तो हात छातीशी धरला. आणि तरी सांगते, त्या बाळंतपणात वेणूचं रक्त कौतिकपेक्षा जास्त गेलं.  बाईंचा आवाज मात्र चढला नाही की पडला नाही. "वेणू, माझ्याकडे बघ. ह्या वेळी आहे तुझ्याजवळ, आहे, घाबरू नकोस," असं म्हणत त्या हातानं काम करत राहिल्या. आणि पोरगी तरली! तिची लेकही तरली. नाव कौतिक ठेवलं.

मी त्या दिवशी मागच्या पडवीत जाऊन पोटभर रडले. आनंदानंच.

पुढचं कोणी ठरवून केलं नाही. धुर्पदाबाईंनी गल्लीत सांगितलं, वेणूच्या सासूनं गावात सांगितलं. पोटुशी बाई मेंदीला बसली की डाव्या हाताचं ते एक बोट कोरं ठेवायची चाल पडली. मेंदी लावणारी म्हातारीच विचारायची, "डॉक्टरीणबाईनं बोट सोडं का?" म्हणजे डॉक्टरीणबाईंचं बोट कोरं सोडलं का. आखाजीला आमच्या ओट्यावर पुन्हा गर्दी झाली. लाल लाल हात, आणि प्रत्येकीचं एक बोट बाईंसाठी. लढाईच्या काळात औषधं मिळेनात, टिपकागद मिळेना, तेव्हाही बाई त्या बोटावर थेंब ठेवून कोणाला आधी हात घालायचा ते ठरवायच्या.

स्वराज्य आलं त्या वर्षी बाईंची नोकरी संपली. आम्हाला वाटलं, आता भावाकडे साताऱ्याला जातील, आराम करतील. त्या म्हणाल्या, "भडगावकडे गिरणेच्या काठानं एक बाईडॉक्टर नाही. तिकडे बसणार आहे." मी म्हटलं, आता वय झालं तुमचं. तर म्हणे, "नखं अजून वाढताहेत माझी." 

निघायच्या दिवशी मोटारस्टँडवर बायकांची ही गर्दी. धुर्पदाबाई आता पार वाकलेल्या, पण एका हातात तांब्या, दुसऱ्यात झाकलेली वाटी घेऊन गर्दीतून वाट काढत आल्या. वाटीत वाटलेली मेंदी.

"हात दखाड," त्या बाईंना म्हणाल्या.

बाई दोन पावलं मागे सरल्या. "अहो, काय हे! मला चालत नाही. तुम्हाला ठाऊक नाही का?"

"माले काय ठाऊक नही ते सांगू नको. दखाड."

आयुष्यभर दुसऱ्यांना हात पुढे करायला लावणाऱ्या बाईंनी शेवटी स्वतःचे हात पुढे केले. धुर्पदाबाईंनी ते उपडे केले, एकेक नख उजेडाला धरून पाहिलं, तांब्यातला थेंब सोडला. ओघळला. "चांगलं शे," त्या म्हणाल्या आणि वाटीत बोट बुडवलं.  विधवेला भर रस्त्यात मेंदी! कोणीतरी काहीतरी बोलेल म्हणून मी पदर खोचून तयारच होते. पण कोणी बोललं नाही.

बाईंनी डाव्या हाताचं करंगळीशेजारचं बोट तेवढं पुढे केलं आणि बाकीची मिटून घेतली.

"हे बोट तुमचं, धुर्पदाबाई," त्या म्हणाल्या. "बाकीची माझी राहू द्या."

धुर्पदाबाईंनी त्या नखावर मेंदीची टोपी घातली आणि ती वाळेपर्यंत तो हात सोडला नाही. ड्रायव्हर भोंगा वाजवत होता, तर मी त्याला असा झापला की तो खाली उतरून झाडाखाली जाऊन बसला. मेंदी वाळली, धुर्पदाबाईंनी आपल्या पदरानं ती पुसली आणि बाई मोटारीत चढल्या. मला म्हणाल्या, "सुभद्रे, नखं खाऊ नकोस." मी तोंडातलं बोट घाईघाईनं काढलं.

पुढे त्या भडगावकडेच गेल्या, माझी त्यांची पुन्हा भेट झाली नाही. मोटार वळणावर गेली तेव्हा त्यांनी खिडकीतून हात बाहेर काढून हलवला. धुळीत त्यांचा चेहरा दिसेनासा झाला होता. त्या मोकळ्या हाताचं एक लाल नख मात्र मला दिसत होतं.